कळ

हेमलता कुरणे अठ्ठावन्न वर्षांची असताना आजार सुरू झाला. आधी हातातली बशी निसटायला लागली, मग बोलताना शब्द निसटायला लागले. स्नायूंना हुकूम पोचवणाऱ्या चेतापेशी एकेक करून मरत जातात, असा तो आजार होता. बुद्धीला, कानांना, आठवणीला तो हात लावत नाही. माणूस आत टक्क जागा राहतो आणि बाहेर जायच्या वाटा बंद होत जातात.

तरी मिरजेतल्या त्यांच्या घरात तिचं बोलणं थांबलं नाही, कारण मेंदूवर बसवायची जाळी तोवर जिल्ह्याच्या गावांपर्यंत आली होती.

आपण 'पाणी' म्हणतो तेव्हा ओठ, जीभ आणि घसा हलवायचा हुकूम मेंदूच्या एका पट्ट्यातून सुटतो. या आजारात हुकूम पोचत नाही, पण सुटायचा थांबतही नाही. कवटीखाली बसवलेली बारीक तारांची जाळी तो हुकूम टिपते आणि लॅपटॉपमधला प्रोग्रॅम त्याचे शब्द करतो. अडचण एवढीच, की प्रत्येक मेंदूचं वळण वेगळं. त्यामुळे तोंडातून आवाज निघतोय तोवरच माणसाने यंत्राला शिकवून घ्यावं लागतं. आपण मोठ्याने वाचायचं, यंत्राने ऐकायचं, आणि कुठल्या आवाजाला मेंदूत कुठे ठिणगी पडते ते जुळवत जायचं. हेमलताने एक अख्खा हिवाळा वर्तमानपत्रं मोठ्याने वाचण्यात घालवला. शेवटी शेवटी तिचं वाचन नवऱ्यालाही कळेनासं झालं, पण यंत्राला कळत होतं.

आवाज पूर्ण गेला त्यानंतर ती लॅपटॉपमधून बोलायला लागली, तेही तिच्याच आवाजात. तिने किल्ल्याजवळच्या लहानशा दुकानात पंचवीस वर्षं डीटीपीचं काम केलं होतं. लग्नपत्रिका, वास्तुशांतीची निमंत्रणं, दशक्रियेचे कागद. गिऱ्हाइकाला शुद्धलेखनावरून टोकायची सवय पलंगावर पडूनही गेली नाही.

"अहो, चहात साखर घातलीय की नुसती दाखवलीय?" लॅपटॉप म्हणायचा.

"दोन चमचे घातलीय," रामचंद्र कुरणे स्वयंपाकघरातून सांगायचे. ते रेल्वेच्या पार्सल ऑफिसातून निवृत्त झाले होते आणि चहा करायला साठीनंतर शिकले होते.

"चमचा कुठला? कानात औषध घालायचा?"

अशी चार वर्षं गेली. मग तिचा श्वास कमी पडायला लागला. डॉक्टर मगदूम बाईंनी पलंगाशी खुर्ची ओढून सगळं नीट समजावलं. गळ्याला भोक पाडून श्वासाचं यंत्र लावलं तर आणखी काही वर्षं मिळतील, पण ती यंत्राला बांधलेली असतील. लावलं नाही तर थोडे महिने, आणि त्रास होऊ न देण्याची जबाबदारी डॉक्टरांची. निर्णय हेमलताचा.

लॅपटॉप म्हणाला, "माझं ठरलंय. पण शरूला येऊ दे. दोघांना एकदम सांगते. एकाला सांगितलं की दुसऱ्याशी भांडण होतं."

शरू म्हणजे शर्वरी, त्यांची एकुलती एक मुलगी. बंगळूरला लॅपटॉपचे मदरबोर्ड तपासणाऱ्या एका कंपनीत ती इंजिनिअर होती. तिने रजा काढली आणि शनिवारची गाडी धरली.

शुक्रवारी सकाळी गल्लीतली वीज गेली. इन्व्हर्टर दुपारपर्यंत चालला. लॅपटॉपची बॅटरी आतून म्हातारी झाली आहे हे कुणाच्या लक्षात आलं नव्हतं, कारण तो कायम चार्जरवर असे, कधी पूर्ण बंदच होत नसे. संध्याकाळी वीज आली तेव्हा पडदा काळा होता. रामचंद्रांनी बटण दाबलं. काळ्या पडद्यावर पांढरी चौकट आली आणि चौकटीत नुसतं एक टिंब लुकलुकत राहिलं. यंत्राला पासवर्ड हवा होता.

शर्वरी आली आणि तिने बॅग खाली ठेवायच्या आधी लॅपटॉप पाहिला.

"हा आतला पासवर्ड आहे, अप्पा. विंडोज उघडायच्या आधीचा. कुणी घातला?"

"तिनंच. मशीन आणलं त्या दिवशी. क्लिनिकवाला म्हणाला, तुमच्या डोक्यातलं सगळं यात आहे, किल्ली तुमच्याकडेच ठेवा. तेव्हा बोटं थोडी चालत होती तिची. तिनं टाइप केलं. मी विचारलंसुद्धा नाही."

"क्लिनिककडे असेल?"

"नाही म्हणतात. कायद्यानं त्यांना ठेवता येत नाही."

शर्वरीने आईकडे पाहिलं. पासवर्ड माहीत असलेलं एकच माणूस समोर पडलेलं होतं, आणि त्याला बोलायला तेच यंत्र लागत होतं. हेमलताच्या अंगात आता डाव्या डोळ्याची पापणी तेवढी उरली होती.

मशीन शिकून तयार होईपर्यंत वापरलेला अक्षरांचा पुठ्ठा रामचंद्रांनी कपाटावरून काढला. ते एकेका ओळीवर बोट ठेवत, मग ओळीतल्या एकेका अक्षरावर. हवं ते आलं की हेमलता पापणी मिटे. एका अक्षराला मिनिटं जात. मधूनच पापणी नुसतीच ढळे आणि सगळं पहिल्यापासून करावं लागे. तिला थोडा तापही होता.

दुपार सरेपर्यंत अक्षरं जमली. आ. म. चे. ये. थे.

शर्वरीने ती वाचली आणि तिचा चेहरा पडला.

"आमचे येथे श्रीकृपेकरून," ती हळूच म्हणाली. "अप्पा, आई पत्रिका जुळवतेय. दुकानातलं आठवतंय तिला. ताप डोक्यात गेलाय."

"नाही गं. तिची पापणी बघ की. ठाम मिटतेय. हाच असेल पासवर्ड."

शर्वरीने इंग्रजी अक्षरांत ते टाइप केलं. चूक. जोडून टाइप केलं. चूक. सुरुवातीला एक ए जास्त घातला. तेही चूक. पडद्यावर लाल पट्टी आली. आता उद्यापर्यंत यंत्र प्रयत्न करू देणार नव्हतं.

आईची पापणी मिटत, उघडत, मिटत होती. रामचंद्रांनी पुन्हा पुठ्ठा धरला. "क," ते म्हणाले. मग बऱ्याच वेळाने, "ळ."

"कळ?" शर्वरी उठलीच. "कळ येतेय? आई, कुठे दुखतंय तुला?"

"थांब. पुढं काहीतरी आहे तिचं."

"अप्पा, तिला वेदना होतायत आणि आपण कोडं सोडवत बसलोय."

घरी येणाऱ्या नर्सबाई तेव्हा तिथेच होत्या. त्यांनी डॉक्टरांना फोन करून विचारलं आणि दुखण्यावरचं इंजेक्शन दिलं. हेमलताची पापणी आणखी दोनदा जोरात मिटली. मग ती झोपली.

दुसऱ्या दिवशी तिच्या छातीत कफ भरला आणि तिला हॉस्पिटलात न्यावं लागलं. डोळा अर्धा उघडा राहत होता, पण पापणीवर आता तिचा ताबा नव्हता. डॉक्टर मगदूम म्हणाल्या की कानांना सगळं ऐकू जातंय आणि मेंदू जागा आहे. पापणी परत येईल अशी आशा मात्र त्यांनी दिली नाही. सध्या तोंडावरच्या मास्कवर भागत होतं, पण गळ्यातल्या यंत्राबद्दल आठवड्याच्या आत ठरवावं लागणार होतं.

"त्यांनी काही सांगितलं होतं का?" डॉक्टरांनी विचारलं.

"सांगणार होती," रामचंद्र म्हणाले.

शर्वरीने क्लिनिकला फोन लावला. तिथल्या इनामदार नावाच्या इंजिनिअरने शांतपणे ऐकून घेतलं.

"मॅडम, कंपनीकडून अधिकृतपणे उघडून घेता येतं. पण मशीन पुण्याला जाईल, ओळख पटवण्याची प्रक्रिया आहे. तीन आठवडे धरा."

"माझ्याकडे एक आठवडाही नाही."

"तुम्ही या क्षेत्रातल्या आहात म्हणून सांगतो. ते उघडू नका. साध्या लॅपटॉपसारखं नाहीये ते."

ते तसं नाही हे शर्वरीलाही माहीत होतं. बटण दाबल्यावर लॅपटॉपमध्ये सगळ्यात आधी जागा होतो तो फर्मवेअर नावाचा छोटा प्रोग्रॅम. तो बोर्डवरच्या एका बारक्या चिपमध्ये असतो, आणि पासवर्ड विचारणारा पहारेकरीही तोच. जुन्या लॅपटॉपमध्ये त्या चिपला चिमटा लावून नवा प्रोग्रॅम भरला की पासवर्ड विचारणारं कुणी उरत नसे. शर्वरीने नोकरीत हे कितीतरी वेळा केलं होतं. पण या यंत्रात शेजारीच आणखी एक चिप होती, सुरक्षेची. यंत्र सुरू होताना ती फर्मवेअरचा ठसा घेऊन आपल्याजवळच्या ठशाशी ताडून पाही. जुळला तरच ती आईचे शब्द उघडणारी किल्ली देई. जुळला नाही तर कुणीतरी घरात घुसलंय असं समजून किल्ली कायमची पुसून टाकी. माणसाच्या डोक्यातलं चोराच्या हाती लागू नये म्हणून कायद्यानेच तशी सक्ती केली होती.

त्यातून एक फट होती. या चिपच्या पहिल्या पिढीत ठसा ताडायच्या आधी एक क्षण रिकामा जातो, त्या क्षणात शिरता येतं, असं शर्वरीच्या वर्तुळातल्या लोकांनी दाखवून दिलं होतं. आईचं मशीन चार वर्षांपूर्वीचं, म्हणजे बहुतेक पहिल्याच पिढीचं. बहुतेक. चिपवरचा क्रमांक घासल्यासारखा पुसट होता.

घरी जेवणाच्या टेबलावर तिने मशीन उलटं केलं आणि स्क्रू काढायला घेतले. रामचंद्र हॉस्पिटलातून डबा न्यायला आले होते. ते दारातच थांबले.

"तो पोरगा नको म्हणाला ना?"

"त्याचं कामच आहे नको म्हणायचं."

"बिघडलं तर?"

"आधी सगळ्याची प्रत घेतेय मी. बिघडलं तर होतं तसं परत भरता येतं."

"आणि ती दुसरी चिप? तिची प्रत घेता येते?"

शर्वरीने पुढचा स्क्रू काढला. मग म्हणाली, "अप्पा, तिचं उत्तर यात अडकलंय. ती अजून बोलू शकते, फक्त हे सुरू व्हायला हवं. मी नुसती बसून राहिले तर जन्मभर मला वाटत राहील, की मला येत होतं आणि मी केलं नाही."

रामचंद्र टेबलापाशी आले. "उद्या परत तीनदा टाकता येईल ना? आमचे येथेच टाकून बघ. मला वाटतं ती शुद्धीवर होती."

"आजच टाकून झालं, अप्पा, सकाळी. सगळ्या तऱ्हांनी. परत लाल पट्टी आली."

त्यांनी डबा उचलला. "तुला जास्त कळतं त्यातलं," ते म्हणाले आणि गेले.

काम तासाभरात झालं. चिमटा बसला, प्रत घेतली, नवा प्रोग्रॅम भरला. तिने बटण दाबलं. पासवर्डची चौकट आली नाही. पडदा निळा झाला, आणि मधोमध मराठीत दोन ओळी आल्या: यंत्रात अनधिकृत बदल आढळला आहे. वापरकर्त्याच्या संरक्षणासाठी किल्ली नष्ट करण्यात आली आहे.

चिप दुसऱ्या पिढीची होती.

शर्वरीने जुनी प्रत परत भरली. चिमटा दोनदा घसरला. यंत्र पुन्हा पूर्वीसारखं झालं, पुन्हा ती पांढरी चौकट आली. आत किल्ली उरली नव्हती, हे तिला ठाऊक होतं. तरीही ती चौकटीसमोर बसून राहिली, मध्यरात्र उलटून लाल पट्टी गेली तरी.

समोरच्या फळीवर दुकानातला जुना कीबोर्ड होता. दुकान बंद केल्यावर आईने संगणक विकला, पण तो ठेवून घेतला होता. इंग्रजी अक्षरांवर मराठी अक्षरांची स्टिकरं चिकटवलेली, अर्धी झिजलेली. लहानपणी शर्वरी ती नखाने काढायची आणि मार खायची. पुढे फोनवर इंग्रजीतून मराठी उमटवायची सोय आली. शर्वरी त्यावरच मोठी झाली, त्यामुळे ती मांडणी तिला कधी शिकावी लागली नाही.

तिने कीबोर्ड खाली घेतला. आईची बोटं आयुष्यभर मराठी मांडणीवर चालली होती. कुठला कीबोर्ड समोर आहे, त्यावर काय छापलंय, हे तिने कधी पाहिलंच नव्हतं. आणि फर्मवेअरला मराठी येत नाही. त्याला एवढंच दिसतं की कुठल्या खाचेतली कळ दाबली गेली.

आ म्हणजे शिफ्ट धरून इंग्रजी ई. म म्हणजे सी. च म्हणजे अर्धविरामाची कळ. मात्रा एसवर. शर्वरी स्टिकरावरून लॅपटॉपवर, एकेक करत टाइप करत गेली. आमचे, मधली मोकळी जागा, येथे. एंटर.

चौकट नाहीशी झाली. यंत्र सुरू झालं.

ताप आईच्या डोक्यात गेला नव्हता. आईने विचारलेलं बरोबर सांगितलं होतं, आणि मुलगी ते चुकीच्या अक्षरांत घालतेय हे पडल्या पडल्या पाहिलं होतं. मग तिने आणखी एक शब्द सांगायला घेतला होता. कळफलक, म्हणजे कीबोर्ड. टायपिंगच्या परीक्षेत असायचा तो, आईच्या तोंडातला नेहमीचा शब्द. त्याची दोन अक्षरं झाली आणि शर्वरीने तिला झोपवलं.

पडद्यावर बोलण्याचा प्रोग्रॅम आपोआप उघडला. आत काहीच नव्हतं. स्वच्छ पांढऱ्या पानावर लिहिलं होतं: नमस्कार. आपण नवीन वापरकर्ते आहात. यंत्राला आपली ओळख करून देण्यासाठी खालील वाक्य मोठ्याने वाचा.

रामचंद्रांना तिने हॉस्पिटलच्या व्हरांड्यात सगळं सांगितलं. काही वगळलं नाही. ते भिंतीला टेकून ऐकत होते. ओरडतील अशी तिची अपेक्षा होती, तसं झालं असतं तर बरं वाटलं असतं.

"म्हणजे आता काहीच नाही?" त्यांनी विचारलं.

"नाही."

"तिचा आवाजसुद्धा?"

"आवाज आहे, जुन्या फोनवर. पण तिला काय म्हणायचंय ते आता कुणालाच..."

"तिला सांगितलंस?"

शर्वरीने नाही म्हणून मान हलवली.

"सांग. ती वाट बघत असेल. आपण मशीन घेऊन येऊ म्हणून."

आत मास्कचा संथ आवाज चालू होता. शर्वरी पलंगाच्या डाव्या बाजूला, अर्ध्या उघड्या डोळ्याला दिसेल अशी उभी राहिली. "आई, तू बरोबर सांगितलं होतंस," ती म्हणाली. "आमचे येथेच होतं. मी मराठी कळा दाबल्या नाहीत. मला सुचलं नाही. आणि मग मी ते उघडलं. ते सगळं पुसलं गेलं, आई. माझ्यामुळे." तिने आईचा हात धरला. हात कोमट होता. डोळ्याच्या कडेने पाणी ओघळलं, पण तो डोळा मिटत नसल्यामुळे दिवसभरच वाहत असे. नर्सने ते कापसाने टिपलं.

ठरवायचा दिवस आला. डॉक्टर मगदूम यांनी दोघांना आपल्या खोलीत बसवलं.

"तिचं ठरलं होतं," शर्वरी म्हणाली. "काय ते आम्हाला माहीत नाही."

"तुम्हाला काय वाटतं?" डॉक्टरांनी रामचंद्रांना विचारलं. "तुम्ही इतकी वर्षं एकत्र राहिलात."

"तेच तर. सकाळी वाटतं ती नको म्हणाली असती. यंत्राला बांधून घेणारी बाई नव्हे ती. आणि जेवायला बसलो की वाटतं, छे, तिला अजून पुष्कळ बोलायचं होतं." मग म्हणाले, "लावा यंत्र. नको म्हणायला तिचा शब्द पाहिजे, बाई. तो माझ्यानं म्हणवणार नाही."

शर्वरीने मान खाली घातली. तिला विचारलं असतं तर तिनेही तेच म्हटलं असतं की दुसरं काही, हे तिला स्वतःलाच कळत नव्हतं.

हेमलता गळ्यातल्या यंत्रासकट घरी आली. शर्वरीने बंगळूर सोडलं आणि घरून करता येईल असं लहान काम धरलं. क्लिनिकचा इनामदार एकदा नवं यंत्र घेऊन आला. मनातल्या मनात हो आणि नाही म्हणायला सांगून ते शिकवता येतं का, हे त्याने आठवडाभर पाहिलं. पण तिने खरंच काय म्हटलं ते सांगणारी दुसरी कुठलीच खूण उरली नव्हती, त्यामुळे यंत्राला आपलं बरोबर की चूक हे कळायला मार्ग नव्हता. शेवटच्या दिवशी ते एकाच प्रश्नाला हो म्हणालं आणि लगेच नाही म्हणालं. इनामदारने वायरी गुंडाळल्या. तो जाताना काही बोलला नाही, आणि शर्वरीला त्याबद्दल बरं वाटलं.

ती रोज सकाळी आईचे केस विंचरायची आणि बोलत राहायची. "आई, खिडकी उघडू का? समोरच्यांनी नवा रंग दिलाय, तुला आवडला असता का गं? आज वरण पातळ करू की घट्ट?" प्रत्येक प्रश्नानंतर, फोनवर थांबतो तशी, ती क्षणभर थांबे आणि मग पुढे बोले.

रामचंद्र दाराशी वर्तमानपत्र घेऊन बसलेले असत. एका सकाळी त्यांनी ते घडी करून बाजूला ठेवलं.

"शरू," ते म्हणाले, "तिला प्रश्न विचारत जाऊ नकोस."

फणी केसांतच थांबली.

"ती उत्तर देत असते," ते म्हणाले. "दर वेळी देत असणार. ते तिथंच राहतं. सांगत जा नुसतं."

शर्वरीने फणी पुन्हा हळूहळू चालवायला घेतली.

"समोरच्यांनी घराला रंग दिलाय," ती म्हणाली. "पिवळा. मी खिडकी उघडतेय, आई."